डोह : एका एककाच्या नोंदी

१० जून

नवी वही. पहिलं पान कोरं सोडलंय, शेवटी जे ठरेल ते तिथे लिहायचं. बाकी नियम कंपनीतलेच: पेन्सिल नाही, खोडरबर नाही, चुकलं तर एक आडवी रेघ आणि शेजारी सही. कॅलिब्रेशन (मोजायची उपकरणं तपासायच्या) विभागात २७ वर्षं काढल्यावर दुसऱ्या कुठल्या पद्धतीने लिहिताच येत नाही.

निमित्त असं झालं. परवा संध्याकाळी लाइट गेली म्हणून घाटावर जाऊन बसले. कृष्णेला अजून उन्हाळ्याचंच पाणी आहे, पलीकडच्या काठाला म्हशी बसलेल्या. दहा मिनिटं बसले असेन असं वाटलं. घरी आले तर चाळीस मिनिटं होऊन गेली होती आणि भाचीचे तीन मिस्ड कॉल. फोनवर ती म्हणाली, "मावशी, एवढी कुठे बुडाली होतीस? किती खोल?" ती हसत विचारत होती. पण मी गप्प झाले. आयुष्यभर मायक्रॉनमध्ये उत्तरं दिली आणि या 'किती'ला माझ्याकडे आकडा नव्हता.

आपण वेळ लांब म्हणतो, थोडा म्हणतो, खायला उठतो म्हणतो. माणूस मात्र तंद्रीत बुडतो, विचारात खोल जातो. म्हणजे भाषेने लांबी वेळेला दिली आणि खोली माणसाला. दोन्ही एका पट्टीवर मोजता येतील का, ते बघायचंय.

नाव: डोह. आधी क्षण, निमिष, पळ सुचलं, पण या खुर्च्यांवर आधीच कुणी ना कुणी बसलेलं आहे. पळ म्हणजे २४ सेकंद, ते कुणी बदलू देणार नाही.

११ जून

पहिली व्याख्या.

घड्याळात गेलेला वेळ भागिले माणसाला वाटलेला वेळ, आणि त्याचा २ या पायावरचा लॉग. जेवढ्यास तेवढा वाटला तर शून्य डोह. निम्माच वाटला तर १, पाव वाटला तर २. उलट दुप्पट वाटला तर उणे १. या बाजूला मी 'उथळ' म्हणणार. घाटावरचं रीडिंग: ४० ला १०, म्हणजे बरोबर २ डोह. बँकेत केवायसीसाठी उभी होते तेव्हा १५ मिनिटांचा अर्धा तास वाटला होता. १ उथळ.

लॉग कशाला? कारण दहाचे वीस होणं आणि तीसचे साठ होणं हे मनाला सारखंच 'दुप्पट' लागतं. हा विचार माझा नाही, फेख्नर या जर्मन शास्त्रज्ञाने १८६० सालीच संवेदनेचं गणित असं मांडलंय: बाहेरची गोष्ट पटीने वाढते तेव्हा आत ती पायरीपायरीने वाढते.

एक अडचण मलाच दिसली. मिनिटं भागिले मिनिटं, म्हणजे मिती उडाली. मग याला एकक म्हणायचं की नुसता आकडा? पण डेसिबेल तरी दुसरं काय आहे, आणि गणपतीत डीजेवाल्यांवर गुन्हे त्याच आकड्यावर दाखल होतात. चालेल.

१४ जून

स्वतःचं रीडिंग घेण्याआधी दुसऱ्याचं घेऊन बघितलं. मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूगर्भतज्ज्ञ. १९६२ सालच्या १६ जुलैला आल्प्समधल्या स्कारासोन गुहेत घड्याळ न घेता उतरला. उठला, जेवला, झोपायला निघाला की वरच्या माणसांना फोन करायचा, पण वरचे त्याला वेळ सांगत नसत. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढलं तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्ट होती. म्हणजे गेले ६० दिवस, वाटले ३५. भागाकार १.७१, माझ्या पट्टीवर ०.७८ डोह.

याच माणसाचं दुसरं रीडिंग आहे. फोनवर त्याने सेकंदाला एक या गतीने १२० पर्यंत मोजायचं होतं. मोजून झालं तेव्हा वरच्यांच्या घड्याळात पाच मिनिटं झाली होती. ३०० भागिले १२०, म्हणजे १.३२ डोह.

तोच माणूस, तीच गुहा, तोच अंधार. एकदा ०.७८, एकदा १.३२. कंपनीत एका गेजने असं केलं असतं तर मी आधी गेज कसं धरलं होतं ते विचारलं असतं. इथेही तेच: 'किती गेला ते सांग' आणि 'एवढा घालवून दाखव' या दोन वेगळ्या धरण्या आहेत. मी यापुढे फक्त पहिली वापरणार.

१८ जून

घड्याळ कसलं घ्यायचं? मोबाईल नको. तो नुसता शेजारी असला तरी माणूस अर्धा त्याच्यात असतो. मनगटी घड्याळही नको, डोळा जातोच.

माळ्यावरून आजेसासूबाईंचं घटिकापात्र काढलं. तांब्याची अर्धगोल वाटी, बुडाला सुईएवढं भोक. घंगाळातल्या पाण्यावर ठेवली की भोकातून पाणी आत येत राहतं आणि भरली की बुडते. लग्नात भटजी घंगाळ मांडून बसायचे, वाटी बुडाली की घटिका भरली. हल्ली मुहूर्त फोटोग्राफर ठरवतो.

भोक हिरव्या जंगाने निम्मं बुजलेलं होतं. चिंच लावून रात्रभर ठेवलं, सकाळी झाडूच्या हिराने साफ केलं. तीन वेळा सोडली: १९ मिनिटं ३८ सेकंद, १९:५२, १९:४१. सरासरी १९:४४. खरी घटिका २४ मिनिटांची, म्हणजे ही चार मिनिटांहून जास्त घाई करते. या वाटीवर लागलेली आमच्या घरातली सगळी लग्नं मुहूर्ताआधी लागली असणार. किंवा तेव्हा भोक बारीक असेल.

बंबातलं कढत पाणी घेऊन बघितलं तर १८:५५. ऊन पाणी पातळ वाहतं. यापुढे पाणी माठाशेजारच्या कळशीतलं, आणि तापमान दर वेळी लिहायचं.

२० जून

पाऊस नुसता भुरभुर. दिवसभर वाचत बसले.

वाटी चुकीची आहे हे काल डोक्यात बसलं होतं. भोक मारायचं तर कसं, याचं जुन्या ज्योतिषग्रंथांत माप दिलंय: १० पलं (हे वजनाचं माप) तांबं, ६ अंगुळं उंची, १२ अंगुळं तोंड, आणि ठरावीक वजनाच्या सोन्याची चार अंगुळं लांब सुई जाईल एवढं छिद्र. हे वाचून मला आमच्या ड्रॉइंगवरची टॉलरन्स, म्हणजे मापात किती फरक चालेल ती मर्यादा, आठवली, जी कुणालाच गाठता यायची नाही आणि तरी प्रत्येक ड्रॉइंगवर असायची.

भास्कराचार्यांनी हे सगळं बाजूला सारलंय. त्यांचा ग्रंथ सिद्धान्तशिरोमणी ११५० सालचा. चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखामुळे आपण त्यांना खानदेशात धरतो. ते म्हणतात, तांब्याची अर्ध्या घड्यासारखी वाटी करा, बुडाला भोक पाडा, ती दिवसरात्रीत किती वेळा बुडते ते मोजा आणि दिवसरात्रीला त्या आकड्याने भागा. आलं ते तिचं माप. संपलं. भोक बरोबर पाडू नका, पडलेलं भोक मोजा.

माझी वाटी: ८६,४०० भागिले १,१८४ सेकंद, दिवसाला जवळजवळ ७३ बुड्या. म्हणजे तिची एक बुडी ०.८२ घटिकेची. ती चुकीची नाही, ती ७३ ची वाटी आहे. दोन दिवसांचा राग उतरला.

(भास्कराचार्यांच्या मुलीच्या, लीलावतीच्या, लग्नाच्या वाटीत मोती अडकून मुहूर्त टळला, ती गोष्ट अकबराच्या दरबारातल्या फैजीच्या फारसी भाषांतरातून आली. ज्याने भोकाचा एवढा विचार केला त्याच्याच घरात भोक बुजलं, असं रचणारा माणूस नक्की कुणाच्या तरी हाताखाली काम करत असणार.)

आणखी एक सापडलं. सूर्यसिद्धान्तात मापाची सुरुवात श्वासापासून आहे. एक श्वास म्हणजे एक प्राण, सहा प्राणांचं एक पळ, साठ पळांची एक घटिका. दिवसाला २१,६०० प्राण, अजपाजपाचा, म्हणजे श्वासागणिक आपोआप होणाऱ्या जपाचा, आकडा हाच. म्हणजे श्वासाला ४ सेकंद. मी माझे मोजले, मिनिटाला १३. माझा दिवस १८,७२० प्राणांचाच भरतो. सेकंद १९६७ पासून सीझियमच्या अणूला बांधलाय, त्याचे ९,१९,२६,३१,७७० ठोके. त्याआधी तो पृथ्वीच्या फिरण्याला बांधलेला होता. आणि कधीतरी एका निरोगी माणसाच्या नाकाला.

२४ जून

चाचण्या सुरू.

पद्धत: माणसाने बसून काहीतरी करायचं, घंगाळ पाठीमागे. वाटी बुडताना 'डुबुक' असा आवाज येतो, तो ऐकला की लगेच 'किती मिनिटं झाली' ते चिठ्ठीवर लिहायचं. वाटीचा वेळ पाठ होऊ नये म्हणून शेजारच्या मुलीने बंद पाकिटातून पितळी वॉशर काढून वाटीत ठेवायचे, कधी एक, कधी तीन, कधी एकही नाही. वजन वाढलं की लवकर बुडते. खरा वेळ तिच्या वहीत, माझ्या वहीत फक्त वाटलेला. संध्याकाळी जुळवायचं.

माझं काम: लसूण सोलणे.
पहिला दिवस: गेले १७, वाटले १६. ०.१ डोह.
दुसरा: गेले २०, वाटले १२. ०.७.
तिसरा: गेले १५, वाटले १८. ०.३ उथळ.

तोच लसूण, तीच सुरी, तीच मी. रिपीटॅबिलिटी, म्हणजे पुन्हा मोजलं तरी तेच येणं, नावाला नाही. कंपनीत यावर लाल टॅग लागला असता.

२९ जून

लाल टॅगचं एक कारण सापडलं, आणि ते लसणात नाही. कार्ल फॉन फिअरॉर्ट नावाच्या जर्मन शरीरक्रियातज्ज्ञाने १८६८ साली दाखवलंय की माणूस छोटे अवधी वाढवून सांगतो आणि मोठे कमी करून. मधे कुठेतरी एक अवधी बरोबर येतो. माझी तीन रीडिंग पाहा: १५ चे वाढले, २० चे घटले, १७ चे जवळपास जागेवर. म्हणजे मी ज्याला खोली समजत होते त्यातलं बरंचसं नुसतं वॉशरमुळे आलं असणार.

वॉशर बंद. अवधी एकच ठेवायचा. मग वेळ पाठ होण्याचं काय? माहीत नाही. बघू.

४ जुलै

मिरजेला गेले, तबल्याच्या गुरुजींकडे. वय ७८. तरुणपणी मोठमोठ्या ख्यालगायकांना साथ केलेली आहे, आता घरीच शिकवतात. त्यांना डोहाचं सांगितलं तेव्हा त्यांनी मान डोलावली, पण ती समजल्याची होती की सौजन्याची ते कळलं नाही.

चाचणी: विलंबित एकतालाचं एक आवर्तन वाजवायचं, मग हात मांडीवर ठेवून तीन आवर्तनं मनातल्या मनात जाऊ द्यायची, आणि चौथ्याच्या समेवर, म्हणजे पहिल्या मात्रेवर, थाप मारायची. मी मोबाईलवर रेकॉर्डिंग लावलं. (घड्याळ खिशात चालतं, डोळ्यासमोर नको.)

पहिलं आवर्तन ६१ सेकंदांचं निघालं. बारा मात्रा, म्हणजे एका मात्रेला पाच सेकंद. पाच सेकंद काही न करता थांबून बघा म्हणजे कळेल ते केवढे असतात. मग हात थांबले. शिष्याने पंखा बंद केला. बाहेर कुणीतरी स्कूटरला किक मारत होतं, ती लागत नव्हती. गुरुजींचे डोळे उघडे होते, समोरच्या कॅलेंडरवर. हलत होता तो फक्त उजव्या हाताचा अंगठा, बोटांच्या पेरांवरून. मी पेरं मोजायला गेले आणि हरवले. एकदा त्यांनी शिष्याला खुणेने पाणी मागितलं, प्यायले, भांडं खाली ठेवलं. मला वाटलं गेली चाचणी. आणि मग डाव्या-उजव्यावर एकदम 'धिं'.

तीन आवर्तनांचे १८३ व्हायला हवे होते, झाले १८५.

"किती वेळ वाटला?" मी विचारलं.

"वेळ कुठला? बारा मात्रा."

"पण लांब वाटलं, थोडं वाटलं..."

"अहो बाई, लांब वाटलं तर लय पडली ना."

वर संथ दिसतं पण आत प्रत्येक मात्रेचे चार तुकडे चालू असतात, धागे तिरकिट तू ना, ते सोडले की माणूस बुडाला, असं ते म्हणाले. बुडाला हा शब्द त्यांनी वापरला, आणि वाईट अर्थाने.

घरी येऊन हिशेब केला. १८५ भागिले १८३. ०.०२ डोह. त्या खोलीतला सगळ्यात खोल माणूस माझ्या पट्टीवर शून्य.

५ जुलै

पहिल्या व्याख्येवर आडवी रेघ. सही.

दुसरी व्याख्या: माणूस जेवढा अवधी एकसंध धरून ठेवतो, भागिले त्यातला जो सगळ्यात बारीक तुकडा तो सांभाळतो, आणि त्याचा लॉग. गुरुजी: आवर्तनात १२ गुणिले ४, म्हणजे ४८ तुकडे. ५.६ डोह. मी बारा मात्रा धरायला गेले तर आठव्या-नवव्यातच पळते, ६१ चे ४७ होतात. मला आठ तुकडे धरू, ३ डोह. हे पटतं.

५ जुलै, रात्री

पटत नाही. सासूबाई १०८ मण्यांची माळ ओढतात आणि समोर मालिका चालू असते, दोन्हींतलं काही सुटत नाही. १०८ चा लॉग ६.७५. गुरुजींच्या वर. दुसऱ्या व्याख्येवरही रेघ. एका दिवसाची व्याख्या.

१२ जुलै

भाची दोन दिवस आलीय. ती भूलतज्ज्ञ आहे, या प्रकल्पाचं खापर तिच्यावरच फुटायला हवं. वही वाचून पहिलं वाक्य: "मावशी, तुझ्या पहिल्या व्याख्येने माझे सगळे पेशंट अनंत डोहात आहेत."

बरोबर आहे. तीन तासांचं ऑपरेशन, आणि जागा झालेला माणूस विचारतो, "सुरू कधी करणार?" वाटलेला वेळ शून्य. शून्याने भागलं की संपलं. मला मोजायची होती जाणिवेची खोली, आणि माझी पट्टी जाणीव नसल्यावर सगळ्यात खोल दाखवते.

मग तिने तिच्याकडच्या पट्ट्या सांगितल्या. कपाळावर पट्टी चिकटवून मेंदूच्या लहरी वाचणारा बिस मॉनिटर असतो, त्याचा आकडा ० ते १००. जागा माणूस शंभराच्या आसपास, भूल हवी ४० ते ६० मध्ये. म्हणजे खोल जावं तसा आकडा उतरतो, माझ्या उलट. पण केटामिन हे भुलीचं औषध दिलं तर पेशंट गाढ असूनही आकडा वरच राहतो. "मग तू काय वाचतेस?" "सगळंच. नाडी, बीपी, घाम, डोळ्याच्या बाहुल्या. एकट्या आकड्यावर कुणी झोपवत नाही गं."

दुसरी ग्लासगोची, टीसडेल आणि जेनेट यांनी १९७४ मध्ये केलेली, डोक्याला मार लागलेल्यांसाठी. डोळे उघडण्याला ४ पर्यंत, बोलण्याला ५, हालचालीला ६, एकूण १५. सगळ्यात कमी ३. मी तिला दोनदा विचारलं, शून्य नाही? नाही. काहीच प्रतिसाद नसला तरी प्रत्येक रकान्यात एक मिळतो. हे मला फार आवडलं. ज्यांनी केली त्यांना माहीत होतं की शून्य आपल्या हातात नाही.

अलीकडची म्हणजे २०१३ मध्ये आलेली: डोक्यावर चुंबकाचा एक ठोका द्यायचा आणि मेंदूभर त्याचे पडसाद किती गुंतागुंतीचे उठतात ते मोजायचं. विहिरीत दगड टाकून आवाज ऐकण्यासारखं. माणसाला काही विचारावं लागत नाही. त्यात ०.३१ च्या वर जाणीव असल्याची खूण धरतात.

जेवताना तिने डोलची गोष्ट सांगितली. १९४० च्या दशकात अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात हार्डी, वुल्फ आणि गूडेल यांनी वेदनेचं एकक काढलं. कपाळावर दिव्याची उष्णता सोडायची, जेमतेम फरक कळेल अशा २१ पायऱ्या, दोन पायऱ्यांचा एक डोल, शिखर १०.५. मापन व्यवस्थित, आलेख सुंदर. पण दुसऱ्यांच्या हातात ते तसं येईना. आणि त्याच सुमारास बीचर हा लष्करी डॉक्टर लिहून गेला की रणांगणावर भयंकर जखमी झालेले कितीतरी सैनिक वेदनाशामक नको म्हणत होते, कारण जखम म्हणजे घरी जायचं तिकीट. प्रयोगशाळेतल्या कपाळाला हे तिकीट नव्हतं.

"तुझा डोह डोलच्याच वाटेने चाललाय," म्हणाली आणि तिसरी पोळी घेतली.

१९ जुलै

वाईट बातमी. परवा शेजारच्या मुलीच्या हातून वाटी फरशीवर पडली, कडेला पोचा आला. ठोकून आणि उजळून आणायला भांड्यांच्या दुकानात दिली होती. आज आणली. आरशासारखी झालीय. घंगाळात सोडली. पाच मिनिटं, दहा मिनिटं, अर्धा तास. तरंगतेय.

परत गेले. "ताई, बुडाला गळत होती, बुजवून दिली. त्याचे पैसे नाही घेतले."

मी काही बोलले नाही. तो माणूस त्याच्या जागी बरोबरच होता.

२१ जुलै

जुन्या सहकाऱ्याच्या वर्कशॉपमध्ये जाऊन भोकावरचा डाग काढला आणि ०.८ मिलिमीटरच्या ड्रिलने भोक पाडलं. हात थोडा हलला. तीन वेळा सोडली, सरासरी २३ मिनिटं १० सेकंद. दिवसाला ६२ बुड्या. खऱ्या घटिकेच्या पूर्वीपेक्षा कितीतरी जवळ, आणि आधीची सगळी रीडिंग अनाथ.

मग उमगलं की अनाथ काही नाही. ती ७३ च्या वाटीची रीडिंग आहेत, ही ६२ च्या वाटीची. तसं लिहून ठेवलं की झालं. भास्कराचार्यांनी हेच सांगितलंय आणि मी वाटीपुरतंच ऐकलं होतं. माणसाच्या बाबतीत महिनाभर मी सोन्याची सुई घेऊन फिरत होते. सगळ्यांना एकच भोक.

तिसरी व्याख्या, कच्ची: प्रत्येकाची वाटी वेगळी. एकच माणूस, एकच काम, एकच वेळ, वीस दिवस. रोजचे आकडे चढत्या क्रमाने लावून मधला काढायचा, तो त्या माणसाचा शून्य. मग आजचं रीडिंग त्या शून्याच्या किती वर, किती खाली, तेवढाच डोह. माझा डोह भाचीच्या डोहात मिळवायचा नाही, गुरुजींच्या डोहातून वजा करायचा नाही.

असली पट्टी आमच्या गावात कुणाला समजावून सांगायला नको. सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला पाणी ४० फूट म्हणजे इशारा, ४५ म्हणजे धोका. कोल्हापूरला राजाराम बंधाऱ्यावर तेच ३९ आणि ४३. पावसाळ्यात अख्खा जिल्हा त्या फुटांवर जगतो, पण कोल्हापूरचे फूट आणि सांगलीचे फूट यांची बेरीज कुणी करत नाही, आणि शून्य नेमका कुठे आहे ते विचारत कुणी बसत नाही.

२६ जुलै

धरणातून विसर्ग वाढवलाय. घाटाच्या पायऱ्या बुडाल्या. चाचणीचा पाचवा दिवस, लसूण, ०.२ वर.

२७ जुलै

आज चाचणी नाही. गल्लीत सगळे बाहेर उभे, जो तो जाणाऱ्याला 'आयर्विनला किती?' म्हणून विचारतोय.

जिन्याच्या भिंतीवर पुराच्या रेघा आहेत. २००५ ची सासऱ्यांनी खिळ्याने ओढलेली, २०१९ ची मी स्केचपेनने, २०२१ ची २०१९ च्या खाली. २०१९ ला आयर्विनला ५७ फुटांवर पाणी गेलं होतं. आम्ही वरच्या मजल्यावर, बोटीची वाट बघत. सकाळी नऊला फोन केला, बोट दुपारी दोनला आली. पाच तास. तेव्हा कुणी विचारलं असतं तर मी दिवस गेला म्हटलं असतं. आणि आज मागे वळून बघते तर त्या पाच तासांतलं काय आठवतं? पाण्यावरून गेलेलं कुणाचं तरी देवघर, सासूबाईंची 'दूध उतू गेलं का' ही हाक, आणि बोटीचा आवाज. जेमतेम अर्ध्या तासाचा ऐवज.

याउलट घाटावरची ती चाळीस मिनिटं. तेव्हा दहा वाटली, आणि आता आठवताना म्हैस न् म्हैस आठवते.

विल्यम जेम्स या मानसशास्त्रज्ञाने १८९० मध्ये हे लिहून ठेवलंय: भरलेला वेळ जाताना छोटा आणि आठवताना मोठा, रिकामा वेळ जाताना लांब आणि आठवताना आखूड. मी हे जूनमध्येच वाचायला हवं होतं. २००७ मध्ये मेंदूशास्त्रज्ञ डेव्हिड ईगलमन आणि सहकाऱ्यांनी लोकांना ३१ मीटर उंचीवरून खाली जाळ्यात पाडलं. स्वतःचं पडणं त्यांनी दुसऱ्यांच्या पडण्यापेक्षा ३६ टक्के लांब सांगितलं, माझ्या जुन्या पट्टीवर ०.४४ उथळ. पण मनगटावर इतक्या भरभर लुकलुकणारे आकडे बांधले होते की एरवी वाचता येऊ नयेत. वेळ खरंच संथ झाला असता तर ते वाचता आले असते. आले नाहीत. पडताना काही लांबलं नव्हतं, आठवताना लांबलं.

म्हणजे एकाच अवधीचे दोन डोह, आणि चिन्हंसुद्धा उलटी निघू शकतात. चिठ्ठी केव्हा लिहून घेता यावर सगळं. डुबुक झाल्यावर लगेच, की दोन महिन्यांनी. मी आतापर्यंत फक्त पहिलंच घेत आलेय. नावं: वाहता डोह, आठवता डोह. आठवत्या डोहाचं एकही रीडिंग माझ्याकडे नाही.

२८ जुलै

पहाटे चार. पाणी गल्लीच्या तोंडाशी. गॅस, धान्य, कागदपत्रं वर नेली. सासूबाईंना रात्रीच नणंदेकडे पाठवलंय. घंगाळ दोन खेपांत जिन्याच्या मधल्या टप्प्यावर आणलं, भरलं आणि वाटी सोडली. ६२ ची वाटी, कळशीचं पाणी, २६ अंश.

पायरीवर बसून राहिले. मुलगा कुठेतरी टेम्पो बघतो म्हणून गेलाय. वाटी दोनदा बुडाली, दोन्ही वेळा उचलून परत सोडली, तिसऱ्यांदा बुडाली तेव्हा गल्लीत हॉर्न वाजला. तीन बुड्या, एकूण जवळजवळ ६९ मिनिटं.

मला किती वाटली ते चिठ्ठीवर लिहिलं, न वाचता घडी घातली, पाकीट चिकटवलं, वर आजची तारीख आणि सही. ते कपाटात, फायलींच्या मागे. दसऱ्यानंतर एक दिवस ठरवून, आधी आठवून दुसरी चिठ्ठी लिहायची आणि मगच हे फोडायचं. शेजारच्या मुलीलाही सांगून ठेवलंय, मी मागितलं तरी दसऱ्याआधी देऊ नको.

वाटी पुसून वहीबरोबर पिशवीत घेतलीय. घंगाळ इथेच राहू दे, ते पितळी आहे, त्याला काही होत नाही.

पहिलं पान अजून कोरंच.